घरचं कोणी

मी कारखान्यात क्रेन चालवते. लोखंडाचे अवजड गठ्ठे मी खाली टेकवेपर्यंत खालचे बाप्ये जागचे हलत नाहीत. घरही माझ्यावरच चालतं. आईचं दुखणंखुपणं, गळका नळ, सगळं माझ्या गळ्यात. दादा परगावी असतो. फोनवर 'काळजी घे' म्हणाला की सुटला.

काल सकाळी आईच्या पोटात कळ आली आणि दुपारपर्यंत पोट लाकडासारखं कडक झालं. मी कामावरून तशीच धावत आले, तिला उचलून दवाखान्यात नेलं. आतडं फुटलंय, ऑपरेशन आत्ताच्या आत्ता, उशीर केलात तर हातची जाईल, असं डॉक्टरीणबाई म्हणाल्या. मग त्यांनी आईला विचारलं, बरोबर घरचं कोणी आहे का.

आईचा हात माझ्या हातात होता.

"कोणी नाही हो," ती म्हणाली. "मुलगा बाहेरगावी असतो."

अगं, मग मी कोण? वाटेवरची? माझ्या डोक्यात तिडीकच गेली. मी मुलगी आहे, मी सांगितलं. तर आई म्हणते, मुलगी आहेच हो, पण तो आल्याशिवाय मी आत जायची नाही, असले निर्णय बाईमाणसानं घ्यायचे नसतात. आणि हे सांगत होती कोणाला, तर तिचं पोट कापणाऱ्या बाईला!

मी समजावलं, पाया पडले, ओरडलेसुद्धा. तिचे ओठ निळे पडत चालले होते, पण हेका तोच. शेवटी बाहेर येऊन दादाला फोन लावला. तू आहेस ना तिथे, मग मला कशाला घाबरवतेस, म्हणाला. येतोस का विचारलं तर 'बघतो'. त्याचं बघतो म्हणजे नाही, हे मला लहानपणापासून पाठ आहे. निदान तिच्याशी बोल तरी, असं म्हणेपर्यंत फोन बंद.

मी डोळे पुसले, आत गेले आणि धडधडीत खोटं बोलले. दादा निघालाय, अर्ध्या वाटेत आहे, ऑपरेशन करून घ्या म्हणालाय.

आईचा चेहरा असा काही निवळला की मला रडूच फुटलं. तिनं लगेच मान हलवली. तिला आत न्यायला लागले तशी मी बाजूनं चालत राहिले. दारापाशी तिनं मला खाली वाकायची खूण केली. वाटलं, आता तरी माझ्यासाठी एखादा शब्द काढेल.

"तो दमून येईल," ती म्हणाली. "आधी त्याला खायला घाल."

"घालते," मी म्हटलं, आणि दार लागलं.