यागुरुमाची किंकाळी

चितोसे सलग तिसऱ्या शनिवारी सरावाला आली नाही, तेव्हा माझं डोकंच फिरलं. चौदा वर्षांची पोर, तपकिरी पट्ट्यापर्यंत पोचलेली, आणि कराटे सोडून बाजारातल्या गेम सेंटरमध्ये बसते म्हणे! मी कपडेही बदलले नाहीत. पांढरा पोशाख, कमरेला काळा पट्टा, तशीच रस्त्याला लागले. कोपऱ्यावरची टोफूवाली ओरडली, "यासुए सेन्सेई, आज कुणाचा बळी?"

"येताना सांगते!" मी म्हटलं.

आमच्या किशिवादा गावात मला सगळे घाबरतात आणि मला ते आवडतं, खोटं कशाला बोलू? वडील गेल्यापासून त्यांचा दोजो, म्हणजे कराटेची शाळा, मी चालवते आणि त्यांचा नियमही मीच चालवते. वार करताना छप्पर उडेल एवढं ओरडा. मार लागल्यावर मात्र तोंडातून चकार शब्द नाही. पडलात की उठायचं, समोरच्याला वाकून नमस्कार करायचा, धन्यवाद म्हणायचं. या नियमावर मी आणि माझी धाकटी बहीण कोतोए वाढलो. मी टिकले. ती कानसाई प्रांताच्या स्पर्धेला तीन आठवडे राहिले असताना चिठ्ठी ठेवून निघून गेली. "मला आता जमणार नाही," एवढंच लिहिलं होतं बाईसाहेबांनी. मी सगळ्या पोरींसमोर तिला पळपुटी म्हटलं. त्याला दोन वर्षं झाली. तेव्हापासून मी तिचं तोंड पाहिलं नव्हतं.

गेम सेंटरमध्ये सिगारेटचा धूर आणि कान किटवणारा गोंगाट. चितोसे एका यंत्रासमोर वाकून बसलेली. पडद्यावर निळ्या हाकामातली, म्हणजे घोळदार विजारीतली, लांब वेणीची एक बाई एका पहिलवानाला लाथा घालत होती. पहिलवानाला खेळवणारा पोरगा यंत्राच्या पलीकडे, पाठीमागच्या पडद्याशी बसलेला. तिथे उठून समोरच्याचं तोंड बघायला कुणी जात नाही.

मी चितोसेचा कान पकडला.

"आईगं! सेन्सेई! एकच मिनिट, माझी यागुरुमा जिंकतेय!"

"तुझी यागुरुमा गेली खड्ड्यात. ऊठ!"

तिचा हात निसटला. पहिलवानानं निळ्या बाईला उचलून आपटलं. ती कोसळली आणि किंचाळली.

माझा हात चितोसेच्या कानावरच राहिला. तो आवाज कोतोएचा होता.

तसली किंकाळी मी तिच्या तोंडून एकदाच ऐकली होती. ती पाच वर्षांची असताना माळ्यावरून पडली, तेव्हा. त्यानंतर वडिलांनी तिला गप्प राहायला शिकवलं. पण सख्ख्या बहिणीचा आवाज काय विसरायला होतो?

"पुन्हा हर," मी म्हटलं.

चितोसे माझ्याकडे बघत राहिली. "काय?"

"हर म्हणते ना! कान फुटलेत का?"

"अहो सेन्सेई, आतापर्यंत जिंक, जिंक म्हणून जीव खाल्लात..." पण माझा चेहरा बघून तिनं निमूटपणे नाणं टाकलं. हरली. पुन्हा हरली. पलीकडचा पोरगा खूश होऊन शीळ घालायला लागला. दुसऱ्या वेळी मी आवाज सोडून पडण्याकडे पाहिलं. मी पंधरा वर्षं पोरींना पडायला शिकवतेय. ही बाई पडताना तिचा उजवा गुडघा आत वळत होता. तिसऱ्या वेळीही वळला.

"तुम्हालाही यागुरुमा आवडते का?" शेजारून कुणीतरी विचारलं.

पंचविशीतला एक किडकिडीत माणूस, दाढी वाढलेली, हातात वही. चितोसे माझ्या कानाशी लागली, "सेन्सेई, हे गेमच्या कंपनीतले आहेत. नवा गेम आला की असे गुपचूप येऊन बसतात, कोण काय खेळतं ते लिहून घेतात. आम्ही ओळख दाखवत नाही."

"मुनेओका," तो लाजून म्हणाला. "यागुरुमा मीच काढलीय."

"आवाज कुणाचा?"

"नाव सांगायची परवानगी नाही आम्हाला." पण बोलायची हौस त्याच्या तोंडावर दिसत होती. "आवाजच काय, अंगही तिचंच आहे. कराटे येणारी मुलगी हवी, असा कागद आम्ही कराटे संघटनेच्या फळ्यावर लावला होता. एका रविवारी एक मुलगी आली. सगळ्या लाथा करून दाखवल्या, आम्ही कॅमेऱ्यावर घेतल्या. शेवटी मी म्हटलं, आता हरून पडा. आणि काय पडली हो! गादी सरकली तर तेही तिनं वापरून घेतलं. ती किंकाळी ऐकून अंगावर काटा आला. आम्ही सगळ्यांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या."

"टाळ्या," मी म्हटलं.

"हो ना! तर ती उठली, आम्हाला वाकून नमस्कार केला, धन्यवाद म्हणाली, बूट घातले आणि गेली. काय शिस्त! मी ते पडणं पडद्यावर कागद लावून एकेक करून उतरवलं. अकरा चित्रं झाली. गुडघा असा वाकतो हे मला स्वतःहून कधी सुचलंच नसतं."

"गुडघा तसा वाकत नाही," मी म्हटलं. "तसा मोडतो."

त्याच्या चेहऱ्यावरचं हसू जागच्या जागी थिजलं. त्यानं पडद्याकडे पाहिलं. तिथे कुणा दुसऱ्याच पोराची यागुरुमा पडत होती. तो मटकन स्टुलावर बसला. "पण... तिनं नमस्कार केला हो," तो पुन्हा पुन्हा म्हणत राहिला.

बहीण निघून जायच्या आधीचा एक सोमवार मला आठवला. त्या सोमवारी कोतोए दोजोत रांगेत बसली होती. गुडघे मोडून टाचांवर, आम्ही बसतो तशी. ती एका अंगावर कलली होती. मी विचारलंसुद्धा नाही. "सरळ बस," म्हटलं, आणि ती सरळ बसली. तासभर. तिच्या कपाळावरून घाम गळत होता आणि मला वाटलं, रविवारी मैत्रिणीकडे जाऊन उंडारली असेल, आता घाम गाळतेय. देवा रे! मी त्या गुडघ्यावर तिला तासभर बसवलं होतं.

चितोसेला म्हटलं, "घरी जा." मी मात्र आहे त्या कपड्यांत साकाईची गाडी पकडली. लोक बघत होते, बघू देत. कोतोए तिथं एका औषधाच्या दुकानावर खोली घेऊन राहते, हे मला टोफूवालीकडून कळलं होतं. बाहेरच्या लोखंडी जिन्यानं वर गेले आणि दार बडवलं.

आतून पावलं आली. एक नीट, एक ओढत.

"ताई?" तिनं मला खालपासून वरपर्यंत पाहिलं. "या कपड्यांत? कोण गेलं?"

"कुणी नाही. मी गेम सेंटरमध्ये गेले होते."

एवढं ऐकलं आणि तिला सगळं कळलं. तिनं मान खाली घातली.

"मला का नाही सांगितलंस?" माझा आवाज चढला. सवय जात नाही मेली. "सख्खी बहीण ना मी तुझी?"

"सांगितलं असतं तर काय म्हणाली असतीस?"

काय म्हणाले असते ते आम्हा दोघींनाही ठाऊक होतं. कारणं सांगू नकोस, म्हणाले असते.

"त्या परक्या माणसांपुढं ओरडलीस," मी म्हटलं. "कॅमेऱ्यापुढं ओरडलीस. आज जपानभर पोरं ऐकतायत. आणि माझ्यापुढं साधं हुं केलं नाहीस."

"तिथं तू नव्हतीस ना," ती म्हणाली. रागानं नाही. दुकान किती वाजता उघडतं ते सांगावं तशी.

मी जिन्याच्या वरच्या पायरीवर बसले आणि भोकाड पसरलं. अगदी गळा काढून. वडील गेले तेव्हाही मी रडले नव्हते. खालून औषधवाला बाहेर आला, समोरच्या घराच्या खिडक्या उघडल्या.

कोतोए घाबरीघुबरी झाली. "ताई! अगं हळू! काय करतेस? लोक ऐकतायत!"

"ऐकू देत," मी म्हटलं.

ती बाहेर आली. मग कठडा धरून, हळूहळू, माझ्या शेजारी टेकली. डावा पाय तिनं पोटाशी घेतला. उजवा समोर सरळच राहिला. तो वाकवायला तिनं दोन्ही हात लावले, तरी वाकला नाही.