मधल्या झाडाची फांदी

आत्याच्या डाव्या डोळ्याचं ऑपरेशन नेमकं छाटणीच्या आठवड्यात आलं. पंधरा दिवस वाकायचं नाही, धुळीत जायचं नाही, असं डॉक्टरांनी बजावलं. इकडे तिची बावीस झाडं खोळंबून उभी. आलुबुखारा आणि जर्दाळू यांच्या संकराची ती झाडं. त्यांची छाटणी फळं उतरल्यावर कोरड्या हवेतच उरकावी लागते. ओल असली की कापल्या जागेतून रोग शिरतो.

आत्याला मूलबाळ नव्हतं. तिने भाचीला बोलावलं. भाची शिवणकाम करायची, म्हणून आत्या तिला ‘सुई’ म्हणे.

“यंदाची छाटणी तू कर. जमली तर बाग तुझ्या हाती देते. नाही जमली तर विकायला काढते. माझे गुडघे आता ऐकत नाहीत.”

“आत्या, मी ब्लाउज कापते गं. झाडं नाही.”

“ब्लाउज बिघडला तर गिऱ्हाईक ओरडतं. झाड बिचारं बोलतसुद्धा नाही. तुला सोपंच आहे.”

मग डोळ्यावरची पट्टी सांभाळत आत्याने पाठ दिला. झाड मधून वाडग्यासारखं मोकळं हवं, आतपर्यंत ऊन पोचलं पाहिजे. सरळ आभाळात निघालेले माजलेले फुटवे काढायचे. काडीवरचा कोंब म्हणजे डोळा; बाहेर तोंड असलेल्या डोळ्याच्या जरा वर तिरका काप द्यायचा. आखूड गाठाळ खुंट्यांना हात लावायचा नाही, फळं त्यांच्यावरच धरतात. आणि एका झाडाची कात्री दुसऱ्याला लावण्याआधी स्पिरिटने पुसायची.

सुईचा हात मुळातच कापणाऱ्याचा. दोन दिवसांत दहा झाडं अशी सुबक झाली की तिची तीच लांब जाऊन बघून आली. तिसऱ्या दिवशी सकाळी ती बागेच्या मधल्या झाडाशी आली. त्याचं वाडगं छानच होतं, पण एक मनगटाएवढी फांदी बरोबर मधून ताठ वर गेलेली. पानंही जरा निराळी, लांबट. शिवणीत असला झोळ आला असता तर सुईने तो उसवलाच असता. तिने करवत चालवली. फांदी खाली आली.

आणि मग तिला खुंटावर कापाखाली एक फुगीर कडं दिसलं. तिने त्यावरून बोट फिरवलं. कापड असो की लाकूड, जोड तिच्या बोटांना कळायचाच. ही फांदी झाडाला फुटलेली नव्हती. कोणीतरी जोडलेली होती.

खरं सांगायचं तर मनात आलंच. आत्याच्या डोळ्याला पट्टी. कापलेल्या फांद्यांचा ढीग कंबरेएवढा. त्यात आणखी एक गेली तर कोणाला कळणार? फुटवा झाडाचा छाटता येतो, मनाचा कोणी छाटावा? तो देवच छाटतो, आणि त्याची कात्री आपल्याला दिसत नाही. सुई फांदी खांद्यावर टाकून थेट स्वयंपाकघरात गेली.

“आत्या, ही कापली मी. जोडलेली होती का गं?”

आत्याने पान चाचपलं आणि हातातला कप खाली ठेवला.

“मधल्या झाडाची?”

“हो.”

“अगं बाई! ही आलुबुखाऱ्याची. या झाडांना स्वतःच्या परागाने फळ धरत नाही. पहिली तीन वर्षं नुसती फुलं यायची. शेजारीण विचारायची, शोभेला लावलीत का? तेव्हा मी ही फांदी चढवली. मधमाश्या हिचा पराग बावीस झाडांना वाटायच्या.”

“म्हणजे आता फळ नाही?” सुईने फांदी जमिनीवर ठेवली. “मला हाकलून दे, आत्या.”

“हाकलीन नंतर. कापून किती वेळ झाला?”

“पाच मिनिटं.”

“मग रडतेस काय? सुकायच्या आत ओल्या फडक्यात गुंडाळ! यंदाच्या कोवळ्या काड्या तेवढ्या घे. पानं कातर, देठ मात्र ठेव.”

आत्या खुर्ची दारात ओढून बसली आणि सांगत गेली. सुईने झाडांच्या पेन्सिलीएवढ्या फुटव्यांवर सालीत इंग्रजी टी अक्षरासारखी चीर दिली, काडीवरचा एकेक डोळा सालीसकट ढालीसारखा तासून आत सरकवला. बांधायला तिने आपल्या शिवणाच्या डब्यातलं इलॅस्टिक काढलं आणि डोळा तेवढा उघडा ठेवून ते गुंडाळलं.

“सात डोळे, तीन झाडांवर,” आत्या म्हणाली. “एकाच फांदीवर सगळी बाग टांगून ठेवली ही माझी चूक. आणि तुला सांगायचं विसरले, ही दुसरी. देवाचं नाव घे, आता त्याचं काम.”

“कळणार कधी?”

“तीन आठवड्यांनी. देठाला बोट लाव. हात लावताच गळला, तर जीव धरला. सुकून चिकटून बसला, तर गेला.”

तीन आठवडे सुई रोज त्या झाडांपाशी जायची आणि हात पाठीमागे बांधून परत यायची. ठरल्या दिवशी आत्याही काळा चष्मा लावून सोबत आली. पहिला देठ चिकटलेला. दुसराही. सुईने तिसऱ्याला बोट लावलं आणि तो अलगद खाली पडला. सातांपैकी चार पडले.

“फुलायला दोन-तीन वर्षं लागतील,” आत्या म्हणाली. “तोवर दर बहराला शेजारणीकडून आलुबुखाऱ्याच्या फुललेल्या फांद्या मागायच्या आणि बादल्यांत पाणी घालून झाडांखाली ठेवायच्या. ते तू करायचंस. टोमणेही तूच ऐकायचेस.”

“म्हणजे बाग विकत नाहीस?”

“फांदी लपवली असतीस तर विकली असती. हे डोळे ढिगात सुकून गेले असते.” आत्याने छाटणीची करवत तिच्या हातात दिली. “पुढच्या वर्षी पण तूच. फक्त वेगळं पान दिसलं की आधी विचारायचं.”

दुसऱ्या दिवशी त्या चार फुटव्यांवर लाल कापडाच्या पट्ट्या झुलत होत्या. कडा नीट दुमडून शिवलेल्या, आणि प्रत्येकीवर पांढऱ्या दोऱ्याने भरलेलं: कापू नये.