माफीचं पान, हरकतीचा कागद

जरा थांबा, मी इसाले बोलतोय, लांब पानांचं झुडूप. किलिमांजारोच्या उतारावर एका केळीबागेच्या बांधावर उभा होतो. आता मोशी शहरात, तेलाच्या रिकाम्या डब्यात आहे.

मला एलिकुंडानं लावलं, लग्नाच्या वर्षी. "इथून आतलं आपलं," असं त्यानं बायकोला, आइकाएलीला, सांगितलं. आमच्याकडे बांधाला दगड नाही, मीच लागतो. भांडण मिटवायलाही मीच! माझ्या पानाला गाठ मारून कुणी पुढे केलं, की समोरच्यानं माफ करायचंच. काय रुबाब होता माझा!

एलिकुंडा गेला तेव्हा त्याला माझ्या पायथ्याशी पुरलं. आइकाएली रोज तिथं केळ्याच्या दारूचे चार थेंब सांडायची. "घे. आणि शेजारची जागा माझ्यासाठी धर. दुसरी कुणी घुसली तर बघ!"

मग नोटीस आली. नवा रस्ता थेट कबरीवरून जाणार होता. मुलगी मांका शहरातून धावत आली.

"आई, सरकारला जमीन घेता येते, पण आपलं ऐकून घेतल्याशिवाय नाही. रस्ता थोडा वळवा, कबर सोडा, असं मागायचा तुला हक्क आहे. हा अर्ज लिहिलाय. महिनाअखेरच्या आत कचेरीत दे."

दोन दिवसांनी मोजणीदार उरासा माणसं घेऊन आला. कॉफीची झाडं मोजली, केळी मोजल्या, घर मोजलं. मला बघून म्हणाला, "याला यादीत रकाना नाही." ऐकलंत? तेवढ्यात त्याच्या माणसानं खुंटी ठोकली, ती नेमकी कबरीत!

"मेल्या, माझ्या नवऱ्याच्या छातीत खुंटी ठोकतोस?" आइकाएली किंचाळली.

उरासा आमच्याच डोंगरातला. त्याचा चेहरा पडला. त्यानं स्वतः खुंटी उपटली, माझं पान तोडलं, गाठ मारली आणि गुडघे टेकून दोन्ही हातांनी पुढे केलं. "चुकलो, आई."

तिनं पान घेतलं. दुसरं करणार काय?

अर्ज मात्र साखरेच्या डब्याखाली तसाच राहिला. मांका पुन्हा आली तोवर मुदत टळली होती.

"अगं, त्यानं खुंटीची माफी मागितली, जमिनीची नाही!"

"पान घेतल्यावर त्याच माणसाविरुद्ध कागद कसा देऊ? लोक तोंडात शेण घालतील."

"अर्ज देऊ नकोस, असं तो म्हणाला होता का?"

आइकाएलीनं साखरेचा डबा उचलला आणि खालचा अर्ज बाहेर काढला.

एलिकुंडाची हाडं शहरातल्या दफनभूमीत नेली. तिथं ओळीनं कबरी, दोन्ही बाजूंना परके. मला आइकाएलीनं स्वतःच्या हातांनी उकरून मांकाच्या घरी आणलं.

फार आठवण येते हो त्या मातीची. कॉफी फुलली की सगळा बांध घमघमायचा. इथं मुळं डब्याच्या तळाला लागून मागं वळतात.

गेल्या रविवारी आइकाएलीनं माझं एक पान तोडलं, गाठ मारली आणि नवऱ्याच्या नव्या कबरीकडे गेली. परतली ती पान हातात घेऊनच.

"दिलं नाहीस?" मांकानं विचारलं.

"दिलं तर तुझ्या बापाला मला माफ करावंच लागेल गं. तशी जबरदस्तीची माफी नको मला."

तुमच्या दारी नोटीस आली, तर माफ करा खुशाल, पण कागद आधी देऊन या. माझं एवढं ऐका.

ते पान तिनं माझ्या डब्यातच खोचलंय. नुसत्या पानाला मूळ फुटत नाही, हे तिला माझ्याइतकंच ठाऊक आहे. तरी रोज सकाळी आधी त्याला पाणी घालते, मग मला.