हशापेटीची बोलती बंद झाली तो दिवस

मित्रांनो, मी एक जुनी हशापेटी आहे. टीव्हीवरच्या विनोदी मालिकेत हसणारी माणसं दिसत नाहीत, पण त्यांच्या हसण्याचे आवाज येतात ना? ते माझ्या पोटातून येत. कधी काळी कुठल्याशा नाट्यगृहात हसलेल्या अनोळखी माणसांचे ते आवाज. त्यांतले कित्येकजण आता या जगात नाहीत, तरी दर आठवड्याला कामावर हजर!

माझा जन्म रेडिओ दुरुस्तीच्या दुकानात झाला. पोटात टेपा, पुढ्यात बटणं. एक खुदकन हसायचं, एक खो-खो, एक टाळ्यांसकट. कोपऱ्यातल्या बटणात हसताहसता ठसका लागलेली एक बाई होती. तिला जपून वापरत.

मी स्टुडिओत आले तेव्हा आमचे लेखक ऐन उमेदीत होते. पूर्वी शाळेत भूमिती शिकवत, म्हणून सगळे त्यांना मास्तर म्हणत. माझ्याआधी चित्रीकरणाला खरे प्रेक्षक बसत. ज्या वाक्याला कोणी हसलं नाही, ते मास्तर तिथल्या तिथे कापत. नट हळहळायचे, मास्तर ढिम्म. म्हणायचे, "वाक्य मेलं. रडत बसायचं नाही."

पुढे खुर्च्या काढून तिथे नवा सेट लागला आणि प्रेक्षकांच्या जागी मी आले. पहिल्या दिवशी मास्तर माझ्याकडे चोराकडे बघावं तसे बघत होते. पण मी पडले कष्टाळू. पडेल वाक्यांना हसले, फुसक्या वाक्यांना टाळ्या दिल्या. हळूहळू मास्तरांचं कापणं सुटलं. घाईच्या आठवड्यात ते संहितेत आधी 'हशा' लिहीत आणि विनोदाची जागा कोरी सोडत. "सुचला की घालू." नटांनाही वळण लागलं. 'हशा' दिसला की थांबायचं. बक्षिसं आली. माझ्यावर लोकरीचं कव्हर आलं.

मग तो दिवस उजाडला. मालिका चालू ठेवायची की गुंडाळायची, हे ठरवायला वाहिनीच्या बाई नवा भाग बघणार होत्या. धीर यावा म्हणून मास्तरांनी सासूबाईंना सोबत आणलं होतं. भागावर हशा चढवायचा राहिला होता. तो माझी बटणं दाबणारे काका तिथेच, दाखवतादाखवता देणार होते. पडदा उजळला. नायक पहिलं वाक्य बोलला. काकांनी बटण दाबलं.

आणि माझ्या तोंडून आवाजच फुटेना!

खोलीत चिडीचूप. पडद्यावरचे नट बोलत आणि थांबत, बोलत आणि थांबत. जणू घरात कोणाची तरी वाईट बातमी आली आहे आणि सांगायची कोणी, हे ठरत नाही. एकाने विचारलं, "चहा घेणार?" दुसरा म्हणाला, "घेईन." आणि दोघं डोळे विस्फारून थांबले. तिथे विनोद घालायचा राहूनच गेला होता! मास्तरांचा चेहरा पांढराफटक. माझीही तीच गत. इतकी वर्षं मी नक्की कशाला हसत होते?

एवढ्यात पडद्यावरच्या बायकोने विचारलं, "भाजी कशी झालीय?" नवऱ्याने घास तोंडात घालायच्या आधीच सांगितलं, "फक्कड!"

सासूबाई फसकन हसल्या. "अगदी हेच, जावईबापू! तुमच्या सासऱ्यांनी जन्मभर हेच केलं!"

मास्तर थक्क. "पण आई, तिथे मी हशा लिहिलेलाच नाही."

"मग? मी काय तुम्हाला विचारून हसू?"

काका कुजबुजले, "मास्तर, तार निसटलीय. आत्ता जोडतो."

मास्तरांनी माझ्यावर हात ठेवला. "राहू दे."

"अहो, मालिका जाईल!"

"जाऊ दे गेली तर. काय काय मेलंय ते तरी बघू."

ते खिशातली पेन्सिल काढून शेवटपर्यंत बसले. जवळजवळ सगळा भाग कापला. उरली भाजी. वाहिनीच्या बाई उठताना म्हणाल्या, "पुढच्या आठवड्यात पुन्हा लिहून आणा. आणि ही पेटी नको."

मालिका बंद पडली नाही, मित्रांनो. मी पडले.

आता कपाटातून बोलते आहे. जुन्या वस्तूंनी शेवटी 'आम्हांला जपा' म्हणायचं असतं. मी नाही म्हणत. तुमच्या प्रत्येक वाक्याला हसणारी पेटी एक ना एक दिवस तुम्हांलाही कोणीतरी आणून देईल. तेव्हा तुम्ही बोलल्यावर जो नुसता बघत राहतो, त्या माणसाला जपा. तो बिचारा विनोदाची वाट बघत असतो.