हडपसरच्या मळ्यातला ट्रायपॉड

मी एक जुना ट्रायपॉड आहे. कॅमेरा डोक्यावर घेऊन तीन पायांवर निमूट उभे राहायचे, एवढेच माझे काम. मित्रांनो, कौतुक सगळे कॅमेऱ्याचे होते, आमच्याकडे बघतो कोण?

१९९६ साली वल्लरीताईने मला बुधवार पेठेतून विकत घेतले. तिने मला दोनदा हलवून पाहिले, तेव्हा दुकानदार म्हणाले, "हलवून काय बघताय? न हलण्यासाठीच आहे तो."

ताई चित्रकार होती, पण पुढे ती शांत, संथ फिल्म्स करू लागली. त्यांत गोष्ट नसे, नुसती एखादी जागा असे. स्वारगेटहून बसने आम्ही हडपसरला कोंडीरामकाका आणि मालनबाई यांच्या मळ्यात जायचो. दरवर्षी तीच जागा, दहा मिनिटे तेच दृश्य. फ्लॉवरचे वाफे, विहीर आणि पलीकडे बाभूळ. माझे पाय नेमके तिथेच पडावेत म्हणून ताईने तीन दगड पुरून ठेवले होते.

काका आपणहून दृश्याबाहेर थांबायचे, पण मालनबाई हौसेने वाफ्यात येऊन उभ्या राहायच्या. ताई म्हणायची, "मावशी, जरा बाजूला व्हा ना. मला फक्त जमीन हवी आहे."

"हितं मागं बसले तर चालतंय न्हवं?" असे विचारून त्या माझ्यामागे बसायच्या आणि मी वाऱ्याने हलू नये म्हणून माझा पाय धरून ठेवायच्या. त्या हाताला कोथिंबिरीचा वास येई. मला तो हात फार आवडायचा.

मग कंपन्या आल्या. मळा विकला गेला, विहीर बुजली, काचेची इमारत उभी राहिली. ताईच्या फिल्मचे परदेशात नाव झाले. पुढे वजनाला हलके ट्रायपॉड आले आणि मी माळ्यावर गेलो.

एका दुपारी कोंडीरामकाका घरी आले. मालनबाईंना जाऊन वर्ष झाले होते. "तिचा फोटू निस्ता मतदानाच्या कार्डावर हाय, त्यात ती वळखू येत न्हाई," ते म्हणाले. "तुमच्या पिच्चरमधी दावा की."

ताईने अकरा वर्षे टिपलेली मळ्याची फिल्म लावली. काका पडद्याजवळ सरकत गेले.

"रान हाय, हीर हाय, समदं हाय. ती कुठं हाय?"

मालनबाई माझ्यामागेच होत्या, मला धरून बसल्या होत्या, हे मला ओरडून सांगावेसे वाटले. पण मला तोंड कुठे आहे?

दुसऱ्या दिवशी ताईने माझी धूळ पुसली आणि काकांना सोबत घेऊन मला त्या इमारतीसमोर फुटपाथवर उभे केले. काका सवयीने दृश्याबाहेर सरकू लागले.

"नका जाऊ, काका. मध्ये उभे राहा."

काका मध्ये आले. मग जरा डावीकडे सरकले आणि शेजारी एका माणसापुरती जागा ठेवून कॅमेऱ्याकडे पाहत राहिले.

मित्रांनो, डोंगर, नदी, शेत जरूर टिपा. पण कडेला कुणी हौसेने उभे असेल, तर त्याला तेव्हाच आत बोलवा. मागाहून जागा ठेवून ते माणूस येत नाही.