टोप्या घातलेले गुलाब

उमाकांत नेरूरकरांना घरात शिरलेलं झुरळसुद्धा मारवत नसे. ते त्याला कागदावर घेत, दार उघडत आणि "जा बाबा, सुखी राहा" म्हणून बाहेर सोडत. झुरळ मोरीच्या जाळीतून पुन्हा आत येई, आणि मग अर्चनाबाई चपलेनं त्याचा निकाल लावत. संसार असा दोघांच्या वाटणीनं छान चालला होता.

सौदीतल्या यान्बूच्या त्यांच्या कंपाउंडमध्ये बहुतेक रिफायनरीतलीच माणसं. उमाकांत तिथं इन्स्ट्रुमेंट विभागात, अर्चनाबाई इस्पितळात ऑपरेशन थिएटरच्या नर्स. उमाकांतांना वेड एकच, कीर्तनाचं. गाडीत कीर्तन, जेवताना कीर्तन, झाडांना पाणी घालताना कानात कीर्तन. बुवांनी वरचा सूर लावला की यांच्या हातातली नळी तालावर डोलू लागे आणि पाणी थेट भिंतीपलीकडे, हुसेनमियाँच्या अंगणात.

"उमाकांतभाई, आज भी मेरी कुर्सी कू नहलाए आप!"

"माफ करो मियाँ, बुवा ने तान ली!"

"तो बुवा कू बोलो, मेरी लुंगी धोने की नक्को."

हुसेनमियाँ मूळचे हैदराबादचे, अकाउंट्सला होते. भिंत कमरेएवढीच, त्यामुळे दोन्ही अंगणं एकच म्हटली तरी चालेल. पलीकडे गुलाबांची रांग होती. ती लावली होती त्यांच्या बायकोनं, सबिहाबींनी. त्या गेल्या, पण जाताना सांगून गेल्या, की मुलीच्या, सुमैय्याच्या निकाहचा हार याच गुलाबांचा करायचा. आता ईदनंतरच्या जुम्म्याला सुमैय्याचा निकाह ठरला होता, घरच्या घरी. जेद्द्याहून वऱ्हाड यायचं होतं. हुसेनमियाँ रोजा सोडला की आधी गुलाबांकडे एक फेरी मारत, मग जेवायला बसत. कळ्याही अशा धरल्या होत्या, की बघत राहावं.

आणि नेमके तेव्हाच भुंगेरे आले. काळे, केसाळ, पाठीवर पांढरे ठिपके. फुलाच्या पोटात डोकं खुपसून बसायचे आणि आतून सगळं खाऊन टाकायचे. पहिले चारदोन दिसले ते उमाकांतांच्याच अंगणात, देवाच्या फुलांवर.

"उचला आणि साबणाच्या पाण्यात टाका," अर्चनाबाई म्हणाल्या.

"माझ्या हातून नाही व्हायचं गं ते."

मग त्यांना आठवलं. मुलगा, रोहन, न्यू जर्सीला असतो. तिकडे जपानी भुंगेऱ्यांनी बागांचा पार फडशा पाडलेला, म्हणून तिथं एक सापळा मिळतो. मागच्या सुट्टीत रोहनच्या सामानात तो चुकून आला होता आणि माळ्यावर पडला होता. पिवळे प्लास्टिकचे पंख, खाली पिशवी, मध्ये सुगंधी वडी. गुलाब आणि लवंग एकत्र कुटल्यासारखा वास. भुंगेरा वासानं येतो, पंखाला आपटतो, पिशवीत पडतो.

"बघ, आपण हातसुद्धा लावायचा नाही," उमाकांत खुशीत म्हणाले. "तो आपणहून येणार, आपल्या कर्मानं पडणार. आपण निमित्तमात्र."

"म्हणजे पिशवीत गुदमरून मेला तर ती आत्महत्या?"

"असं बोलू नये गं."

"मग निमित्ताला सांगा, खिळा नीट ठोक म्हणावं. परवा शेल्फ पडलंय."

खिळा ठोकला तो सामाईक भिंतीवरच्या खांबाला. दोन दिवसांत पिशवी भरली. उमाकांतांनी ती रिकामी करायला कंपाउंडच्या माळ्याला दिली आणि स्वतः तोंड फिरवून उभे राहिले. हुसेनमियाँनी तर भिंतीशी येऊन हवा हुंगली.

"क्या इत्र लगाए भाई? एक शीशी हमें भी दिलाओ."

आता गंमत अशी, की पिशवी रोज भरत होती आणि भुंगेरे रोज वाढत होते. आठवडा संपता संपता हुसेनमियाँ खुर्चीत बसलेले दिसले. ओंजळीत गुलाब होते आणि प्रत्येकाच्या मधोमध भोक.

"पिछले साल तो एक नहीं था," ते म्हणाले. "इस साल काइकू आए, अल्ला जाने. सबिहा क्या बोलती होगी."

उमाकांत मागे फिरले. त्यांनी घरात येऊन रोहनला फोन लावला.

"बाबा, ट्रॅप कुठं टांगलाय?"

"भिंतीवर. गुलाबांच्या अगदी शेजारी. तिथंच तर येतात ते."

रोहन हसत सुटला. "अहो बाबा, तो वास लांबलांबचे भुंगेरे बोलावतो! थोडे पिशवीत पडतात, बाकीचे आजूबाजूला जे दिसेल ते खातात. इथं लोक गमतीत म्हणतात, ट्रॅप लावायचाच तर शेजाऱ्याच्या... बाबा? ऐकताय ना?"

उमाकांतांनी फोन ठेवला, तसेच बाहेर गेले, सापळा काढला आणि वडी दोन पिशव्यांत गच्च बांधली. कचऱ्यात टाकली की झालं. कुणाला कळणार होतं?

अर्चनाबाई दारात उभ्या होत्या. "रोज कीर्तनात काय ऐकता?"

"ऐकतो गं. पण बुवा बोलतात ते आपलं समोरच्या दुसऱ्या कुणाला बोलतात, असंच वाटतं प्रत्येक वेळी."

इफ्तार झाल्यावर ते पलीकडे गेले आणि सगळं सांगितलं. एकही गोष्ट गाळली नाही. हुसेनमियाँ खजुराची बी बोटांत फिरवत ऐकत राहिले.

"अपने हाथ से मारना नक्को था, इसलिए टांगे?"

"हो."

"तो मेरे गुलाब किसके हाथ से मरे?"

एवढंच बोलून ते आत निघून गेले. आतून सुमैय्याचा "अब्बा, चाय" असा आवाज आला, पण चहासाठी "बैठो" काही कुणी म्हणालं नाही. इतक्या वर्षांत असं पहिल्यांदाच घडलं होतं.

पहाटे, फज्रची अजान होऊन गेल्यावर, उमाकांत साबणाच्या पाण्याची बादली घेऊन भिंत ओलांडून गेले. त्या वेळी हवेत गारवा असतो, भुंगेरे फुलात आळसटून पडलेले असतात, उडत नाहीत. फूल बादलीवर वाकवायचं आणि टिचकी मारायची. पहिली टिचकी अशी तिरकी बसली, की भुंगेरा त्यांच्याच बाहीत पडला. त्यांनी तो बोटांनी काढला, "रामकृष्णहरी" म्हटलं आणि पाण्यात सोडला. मग दुसरा. त्यालाही "रामकृष्णहरी."

खिडकीचा पडदा हलला. जरा वेळानं हुसेनमियाँ बाहेर आले, हातात आपली बादली.

"हर कीड़े कू नाम सुनाके भेज रहे?"

"क्या करूँ मियाँ, वैसे जमता नहीं."

"नाम लेओ, मना नहीं. मगर दो-दो का एक साथ लेओ. ऐसे तो ईद गुजर जाएगी."

उमाकांतांचा जीव भांड्यात पडला.

त्या दिवसापासून दोघं रोज सकाळी कामाला लागले. हात चालू लागले तसं उमाकांतांचं तोंडही सुटलं. बुवांच्या थाटात, मोडक्या हिंदीत, त्यांनी एका राजाच्या बागेचं आख्यान लावलं. राजा माळ्याच्या वेषात आपल्याच बागेत शिरतो, पहारेकरी त्याला पकडतात, आणि तलवार उगारली जाते न जाते तोच उमाकांत घड्याळ बघून म्हणत, "चला, शिफ्ट आहे."

"अरे! राजा का क्या हुआ?"

"कल."

"खलास? ऐसे छोड़के जाते? मेरा रोजा है भाई, दिनभर वो तलवार दिमाग में लटकेगी!"

अर्चनाबाईंनी मात्र आख्यानावर भिस्त ठेवली नाही. दोन्ही अंगणांतली पूर्ण उमललेली सगळी फुलं त्यांनी एका सकाळी कापून काढली. "ताट वाढलेलं असलं की पंगत बसणारच," त्या म्हणाल्या. मग मेडिकल दुकानातून ऑपरेशनच्या वेळी घालतात त्या हिरव्या पातळ टोप्यांचा खोका आणला आणि उरलेल्या एकेका कळीवर एकेक टोपी चढवून देठाशी सैल दोरा बांधला. हवा जाईल, भुंगेरा जाणार नाही.

सुमैय्यानं बाहेर येऊन ती हिरवी रांग पाहिली आणि कपाळाला हात लावला. "अब्बा, मेरे गुलाबों का ऑपरेशन है क्या?"

"हौ. और डॉक्टरनी बहोत सख्त है, बात नक्को कर."

जो तो यायचा, फोटो काढायचा आणि हसत जायचा. हुसेनमियाँ हसत होते खरे, पण संध्याकाळी टोप्यांवरून हळूच हात फिरवत आणि कुठली कळी फुगली, कुठली सुकली, ते चाचपत. पहिल्या बहराची बरीच फुलं गेलीच होती. उरलेल्यांतून हार होईल, की नुसताच गजरा, हे त्यांना ठाऊक नव्हतं, उमाकांतांनाही नव्हतं. दोघं त्याबद्दल बोलत नसत.

जुम्म्याच्या सकाळी अर्चनाबाईंनी एकेक टोपी सोडली. गुलाब असे बाहेर आले, की सुमैय्याला एकदम रडूच आलं. काही कळ्या मिटलेल्याच राहिल्या होत्या, काही तपकिरी पडल्या होत्या. अर्चनाबाई अंगणातच चटईवर बसल्या, सुई-दोरा घेतला, आणि दोन गुलाबांच्या मध्ये आपल्या वेलीचा मोगरा ओवत गेल्या. हार भरगच्च नाही झाला. नाजूक झाला, पण नवरीच्या कमरेपर्यंत आला.

"पुरा हुआ?" हुसेनमियाँनी विचारलं.

"पुरा हुआ, भाईसाब."

हुसेनमियाँनी हाराला नुसतं नाक लावलं.

शेवटची एक टोपी राहिली होती. ती काढली, तर आत भुंगेरा! बांधताना पाहुणा आतच राहिला होता आणि इतके दिवस एकट्यानं मेजवानी झोडत होता. उमाकांतांनी त्याला चिमटीत धरून बादलीत टाकला. गुलाबाच्या पाकळ्या बाहेरून शाबूत होत्या, मधोमध मात्र भोक. ते फूल ते कचऱ्यात टाकणार, तेवढ्यात हुसेनमियाँनी त्यांचा हात धरला.

"नक्को. इधर लाओ."

आणि त्यांनी तो गुलाब उमाकांतांच्या नव्या सदऱ्याच्या खिशात नीट खोचला.

"मेहमान आप बुलाए थे. जूठन भी आप ही कू."

दुपारी निकाहला जेद्द्याच्या पाहुण्यांपैकी कुणीतरी विचारलंच, यांच्या खिशात असं कुरतडलेलं फूल का? उमाकांत छाती पुढे काढून सांगायला लागले, तर हुसेनमियाँनी त्यांना दंडाला धरून पहिल्या रांगेत, आपल्या शेजारी नेऊन बसवलं.