कोक-बेल मतदारसंघाची फिरती पेटी

मी एक जुनी मतपेटी आहे. मित्रांनो, शाळेच्या दालनात दिवसभर ठाण मांडून बसते ती मोठी पेटी वेगळी. मी फिरती पेटी. जो माणूस म्हातारपणामुळे, आजारपणामुळे किंवा मेंढरांमागे डोंगरात असल्यामुळे केंद्रावर येऊ शकत नाही, त्याच्या दारी मी जायचे. एका काखेत मावेन एवढीच मी आहे.

किर्गिझ डोंगरातल्या कोक-बेल गावी सोल्तोबाय सुताराने मला घडवले. पाळणा करण्यासाठी त्याने अर्चाच्या, म्हणजे आमच्या डोंगरातल्या सुगंधी सूचिपर्णी झाडाच्या, फळ्या आणल्या होत्या. पाळणा झाला, चार फळ्या उरल्या, त्यांतून मी झाले. वरच्या फळीला त्याने बोटभर चीर पाडली, तिच्यातून फुंकर मारून भुसा उडवला आणि म्हणाला, "जा बाई, आता लोकांचं ऐक."

आमच्या आयुष्यात एक गोष्ट निराळी असते. आम्ही फार झोपतो. चार-पाच वर्षांत एक दिवस जागे राहायचे आणि उरलेला सगळा काळ शाळेच्या कोठीत, नकाशांच्या गुंडाळ्यांशेजारी पडून राहायचे. त्या झोपेत मला वर्गातले पाढे ऐकू येत, छपरावरून घसरणाऱ्या बर्फाचा आवाज येई, वसंतात परतलेल्या मेंढरांची धूळ दाराच्या फटीतून आत येई. कोणता आवाज खरा आणि कोणता स्वप्नातला, हे मला अजूनही नीट सांगता येणार नाही.

पहिली काही वर्षे माझ्यावर लाल कापड होते. तेव्हा मतपत्रिकेवर एकच नाव असे. निवडायचे काहीच नव्हते, तरी लोक नटूनथटून येत. कर्णा गाणी गात असे, दारात संत्री विकायला असत, आणि संत्री मिळाली म्हणजे मतदान छान झाले असे सगळे म्हणत. मला म्हाताऱ्यांच्या घरी नेले जाई. ते कागद न वाचताच घडी घालून माझ्यात सोडत आणि मग चहा पाजत. मला तेव्हा वाटे, मत म्हणजे पाहुण्याला द्यायची काहीतरी वस्तू असावी.

मग एके वर्षी जागी झाले तर लाल कापड गेलेले. तोलोमुशने मला निळा रंग दिला. हा तोलोमुश शाळेची भट्टी पेटवायचा आणि निवडणुकीत मतदान केंद्राच्या मंडळाचा सदस्य व्हायचा. त्या वर्षी मतपत्रिकेवर चार नावे होती! नऊ गावे, एक खाणीची वस्ती, खिंडीपलीकडची कुरणे, आणि एवढ्या सगळ्यांचा मिळून खासदार एकच. चारांपैकी तीन नावे खोडायची आणि हवे ते ठेवायचे, अशी रीत होती. माणसे पडद्याआड गेली की बाहेर यायलाच तयार नसत. "आत झोपलास की काय रे?" म्हणून रांगेतून ओरडा होई.

तेव्हा खाणीचा व्यवस्थापक निवडून आला. दोन वर्षांनी त्याला राजधानीत मोठे पद मिळाले, त्याने जागा सोडली, आणि कोक-बेलला पुन्हा निवडणूक लागली. ती आली ऐन जून महिन्यात. माझ्या आयुष्यातला सगळ्यांत मोठा दिवस तोच.

आता कान्यशायबद्दल सांगते. कान्यशाय शाळेत भूगोल शिकवायची. फिरत्या पेटीची जबाबदारी तिच्याकडे असे. तिचा धाकटा भाऊ सागिनबेक रस्तेदुरुस्तीच्या खात्यात अभियंता होता. गोड बोलणारा, कुणाच्याही मदतीला धावणारा. तो या निवडणुकीला उभा राहिला. त्याच्यासमोर होते जुमाकादिर, गुरांचे डॉक्टर.

कान्यशायने केंद्राध्यक्षांना सांगून पाहिले, "भाऊ उभा आहे. मला या खेपेला मोकळं करा."

"खिंडीची वाट दुसऱ्या कुणाला ठाऊक आहे?" अध्यक्ष म्हणाले. "तूच जा."

सकाळी केंद्र उघडल्यावर तिने मला घोंगडीत गुंडाळून खोगिराला बांधले. सोबत तोलोमुश. खिंडीत अजून बर्फ होता. घोड्याच्या चालीवर मी डुलत होते. धुके इतके, की पुढच्या घोड्याची शेपूट तेवढी दिसे आणि घोडा नाहीच असे वाटे. दुपारी धुके विरले आणि खाली हिरवे कुरण दिसले. दाबलेल्या लोकरीच्या नमद्याचे पांढरे तंबू, धूर, शिंगरे.

लोकांनी आधी घोडीच्या दुधाचा आंबट कुमिस पाजला, मग मत दिले. ते काही लपवून ठेवणारे लोक नव्हते. "डॉक्टरलाच!" असे म्हणत म्हणत तंबूत शिरत. कान्यशाय कानावर हात ठेवायची. "अरे, गुप्त असतं ते! मला नका सांगू!"

सगळ्यांत शेवटी आली उलकान आपा. ऐंशीच्या पुढची, गुडघ्यांनी वाकलेली. ती कागद घेऊन तंबूत गेली ती गेलीच. पाव तास झाला. अर्धा तास झाला.

"आपा, काही अडचण आहे का?" कान्यशायने बाहेरून विचारले.

"नाव खोडायचं म्हणतेस ना? माणसाचं नाव कसं खोडायचं गं? जिवंत आहेत ना दोघं!"

"खोडलं म्हणजे काही होत नाही आपा. फक्त निवडायचं असतं."

"तुझा भाऊ माझ्या मांडीवर खेळलाय. आणि माझ्या शेळ्या आडव्या पडल्या तेव्हा या डॉक्टरनं तीन रात्री इथं काढल्या. आता तूच सांग."

"मी नाही सांगू शकत, आपा."

"मग गप्प बस आणि मला विचार करू दे."

शेवटी ती बाहेर आली. कागद तिने माझ्यात सोडला तेव्हा तिची बोटे क्षणभर चिरेवरच थांबली. मी खूप मते पोटात घेतली आहेत, मित्रांनो. पण एवढे जड मत मला कधी वाटले नव्हते.

एकूण त्रेचाळीस मते झाली. नियम असा होता की रात्री आठच्या आत पेटी केंद्रावर पोचली पाहिजे. दार बंद झाल्यावर आलेली पेटी उघडायची नाही.

परतताना खिंड ओलांडली आणि दोघे नदीपाशी आले. सकाळी होता तो लाकडी पूल आता नव्हता. दिवसभर ऊन पडून वरचा बर्फ वितळला होता आणि पाणी पुलाला घेऊन गेले होते. पाच वाजले होते.

तोलोमुशने टोपी काढून डोके खाजवले. मग हळूच म्हणाला, "एजे, एक सांगू?" आमच्याकडे वडील बहिणीला एजे म्हणतात, आणि तो तिला बहीणच मानायचा.

"सांग."

"आपण उद्या सकाळी जाऊ. नदीनं अडवलं म्हणू. खोटंही नाही ते. तुझ्यावर कुणी बोट ठेवणार नाही."

कान्यशायने मला बांधलेली दोरी चाचपून पाहिली.

"अगं, या पेटीत काय आहे ते तुलाही ठाऊक आहे, मलाही. भाऊ आहे तो तुझा! घरात खासदार नको का तुला?"

"हवाय," ती म्हणाली. "मी त्यालाच मत दिलंय. निघायच्या आधी, मोठ्या पेटीत."

"मग?"

"मग काय? आपानं अर्धा तास घेतला, तोलोमुश. तो अर्धा तास मी कुठं टाकू?"

तिने मला खोगिरावरून सोडले, स्वतःच्या पाठीला बांधले आणि घोडा नदीच्या काठाने वर घेतला. अर्ध्या कोसावर पात्र रुंद होते. तिथे तिने घोडा पाण्यात घातला. तोलोमुश आधी शिव्या देत राहिला, मग देवाचे नाव घेत मागोमाग उतरला.

पाणी घोड्याच्या पोटाला लागले, मग खोगिराला. मध्यावर घोड्याचा पाय सुटला आणि आम्ही तिघे एकदम पाण्याखाली गेलो: घोडा, कान्यशाय आणि मी. खाली सगळे हिरवे होते आणि अगदी शांत. चिरेतून गार पाणी आत आले. कागद हलके झाले, उठून तरंगू लागले, एकमेकांना स्पर्श करू लागले. मला वाटले, मी पुन्हा कोठीत झोपले आहे. मग कान्यशायची पाठ माझ्या फळीवर आपटली आणि आम्ही वर आलो.

पावणेआठला आम्ही शाळेच्या आवारात शिरलो. सागिनबेक फाटकाशीच उभा होता. बहिणीचे काळेनिळे ओठ पाहून तो धावला. अंगातला कोट काढून त्याने तिच्या खांद्यावर टाकला. "एजे, अगं हे काय! एवढ्यासाठी जीव द्यायचा का? आत जा, आधी चहा घे." त्याने स्वतः मला तिच्या पाठीवरून सोडवले आणि आत नेऊन टेबलावर ठेवले.

लाखेची मोहोर फोडली. ओले कागद एकेक करून बाकांवर वाळत घातले. कान्यशाय तो कोट पांघरून कोपऱ्यात बसली होती. डॉक्टरांना छत्तीस, सागिनबेकला सात.

दुसऱ्या दिवशी सकाळी सगळ्या केंद्रांची बेरीज फोनवरून आली. मी नसते तर सागिनबेक एकोणीस मतांनी निवडून आला असता. मी होते, म्हणून तो दहा मतांनी हरला.

मी अजून टेबलावरच होते, त्यामुळे पुढचे सगळे मी ऐकले.

"पूल वाहून गेलेला दिसला नाही तुला?" सागिनबेकने बहिणीला विचारले.

"दिसला."

"मग परत का नाही फिरलीस?"

"नदीला पायउतार कुठं आहे ते मला ठाऊक होतं. लहानपणी तूच दाखवलेलास, सागिन."

तिने खुर्चीवर ठेवलेला आपला कोट त्याने उचलला.

"मी तुलाच मत दिलं होतं," कान्यशाय म्हणाली.

"एक! एक दिलंस आणि छत्तीस आणलीस!" तो म्हणाला, आणि दार आपटून गेला.

त्यानंतर भाऊ-बहीण बोलेनासे झाले. सणाला आई दोघांना वेगवेगळ्या वेळी जेवायला बोलवायची. बाजारात बायका कान्यशायला ऐकू जाईल असे म्हणायच्या, "सख्ख्या भावाला नदीत बुडवलंन हिनं." ती कोठीत खडू घ्यायला आली की कधी कधी माझ्यापाशी थांबायची. एकदा तिने माझ्यावर हात ठेवला आणि तशीच उभी राहिली. तास झाल्याची घंटा वाजली, तेव्हा गेली.

काही वर्षांनी पुन्हा निवडणूक आली. सागिनबेक पुन्हा उभा राहिला. तयारीच्या बैठकीत मला टेबलावर ठेवले होते. नवे केंद्राध्यक्ष म्हणाले, "खिंडीपलीकडं चाळीस माणसं. त्यांच्यासाठी दोन घोडे, दोन माणसं, अख्खा दिवस. या खेपेला राहू द्या."

मग मागून सागिनबेक उठला. उमेदवार म्हणून तो बैठकीला आला होता.

"पेटी जाईल," तो म्हणाला. "चाळीस माणसं इथलीच आहेत."

"नेणार कोण?"

सागिनबेक भिंतीवरच्या नकाशाकडे बघत म्हणाला, "गेल्या वेळी जिनं नेली होती तिला विचारा. जमेल का म्हणावं."

कान्यशाय त्याच्यापासून दोन हातांवर बसली होती. ती खिडकीकडे बघत म्हणाली, "त्याला सांगा, जमेल."

मधे बसलेला तोलोमुश वैतागला. "अरे, मी काय टेलिफोन आहे का तुमचा? समोर बसलाय ना एकमेकांच्या!"

सगळे हसले. ती दोघे हसली नाहीत, पण सागिनबेकच्या कानाच्या पाळ्या लाल झालेल्या मी पाहिल्या.

मी खिंड ओलांडून गेले आणि आले. या वेळी सागिनबेक दोन हजारांहून जास्त मतांनी निवडून आला. निकालाच्या सकाळी तो थेट शाळेत आला. कान्यशाय माझ्या आतला लाखेचा चुरा पुसत होती. तो दारात उभा राहून म्हणाला, "एजे."

तिने वर पाहिले नाही.

"कुरणावर नऊ मतं मिळाली. दोनने वाढलो."

कान्यशायला आधी हसू आले आणि मग ते आवरेना. ती माझ्यावर डोके टेकून हसत राहिली. तिचे हसणे कधी रडण्यात मिसळले, ते तिलाही कळले नसेल.

पुढच्या निवडणुकीची मी वाट पाहिली. पण देशात नवा कायदा झाला. जागोजागचे मतदारसंघ गेले, पक्षांच्या याद्या आल्या; आता माणसाऐवजी पक्षाच्या यादीला मत द्यायचे. कोक-बेल मतदारसंघ कागदावरून पुसला गेला. नऊ गावे होती तिथेच राहिली, नदीही होती, पण त्यांना एकत्र बांधणारे नाव उरले नाही. मला कोळशाच्या खोलीत टाकले. तोलोमुश वारला. माझ्यात कुणी बटाटे ठेवले, एका हिवाळ्यात कोंबडी अंड्यांवर बसली. ती ऊब मला आवडली, खोटे कशाला बोलू? निवृत्त होताना कान्यशायने मला शोधून काढले, धुतले आणि घरी नेले. तेव्हापासून तिच्या खिडकीत असते मी. पोटात लोकरीचे गुंडे असतात.

आणि मग, इतक्या वर्षांनी, मतदारसंघ परत आला. त्याची हद्द वेगळी, नाव वेगळे. निवडणुकीच्या आदल्या दिवशी आयतुर्गान नावाची तरुण शिक्षिका घरी आली. तिच्या हातात नवी पेटी होती, पाण्यासारखी पारदर्शक.

"एजे, खिंडीपलीकडं आता सातच माणसं आहेत. हिवाळी गोठ्यावर. वाट कशी आहे?"

कान्यशायला आता नीट चालता येत नाही. ती म्हणाली, "आधी नावं वाच त्यांची." आयतुर्गानने सातही नावे वाचली. मग कान्यशायने कागदावर वाट काढून दिली: कुठे उतार आहे, कुठे बर्फाखाली दगड आहेत, कुणाच्या घरी कुत्रा सोडलेला असतो.

दुसऱ्या दिवशी ती सकाळपासून माझ्या शेजारी खिडकीत बसून होती. संध्याकाळी दोन घोडे रस्त्याने आले. पुढच्या खोगिरावर ती पारदर्शक पेटी होती आणि मावळतीचे ऊन तिच्या आरपार जात होते. कान्यशायने काचेला नाक लावले आणि ओठ हलवत आतले कागद मोजले.

"सातही आलेत," ती म्हणाली, आणि चहा ठेवायला उठली.

मित्रांनो, माझे काम संपले आहे. मला जपले नाहीत तरी चालेल, लोकरीत माझे बरे चालले आहे. पण तुम्ही मोठे व्हाल आणि तुमच्याही शाळेत कधीतरी एखादी पेटी येऊन बसेल. त्या दिवशी आपले मत देऊन लगेच घरी जाऊ नका. मतदारयादीतले शेवटचे नाव कुणाचे आहे ते विचारा. ते माणूस आले नसेल, तर कुणीतरी त्याच्याकडे निघाले आहे ना, एवढे बघा.